काहीच न पेलणारे दोन खांब

सात वर्षांचा एक मुलगा खांबाला लागून उभा आहे. डोक्यावर नुकताच ठेवलेला मुकुट, केसांत अभिषेकाचं तेल, भोवती शस्त्रं उपसलेले पहारेकरी. कर्णे वाजताहेत, लोक टाळ्या पिटताहेत. गलका ऐकून राणी अथल्या राजवाड्यातून मंदिराकडे धावत येते. सहा वर्षं यहूदा राज्याची गादी तिच्या हातात आहे. राजघराण्यातला एकूण एक वारस आपण संपवला, अशी तिची खात्री होती. आणि समोर पाहते तर एक पोर, रिवाजाप्रमाणे खांबापाशी उभं. कोण आहे, कुठून आलं, ही चौकशी ती करत नाही. अंगावरची वस्त्रं फाडते आणि 'फितुरी, फितुरी' म्हणून ओरडते.

बायबलमधल्या 'राजे' या ग्रंथात हा प्रसंग येतो. काळ इ.स.पू. नववं शतक, ठिकाण यरुशलेम, मुलाचं नाव योवाश. त्याच्या आत्याने त्याला तान्हेपणीच पळवून मंदिराच्या आवारात सहा वर्षं लपवून ठेवलं होतं. हा प्रसंग वाचताना माझी नजर दर वेळी मुलावरून घसरून खांबावर जाते. राज्य हातचं गेलं हे कळायला अथल्येला मुलाची जागा पुरली. तिथे कोण उभं राहतं, हे त्या शहरात सगळ्यांना ठाऊक होतं.

राजा शलमोनाने इ.स.पू. दहाव्या शतकात बांधलेल्या मंदिराच्या दारात असे दोन खांब होते. पूर्वेला तोंड करून असलेल्या देवडीच्या उजवीकडे एक, डावीकडे एक. दोघांना माणसांसारखी नावं होती: याखीन आणि बवाज. छप्पर, कमान, तुळई असं काहीही या खांबांवर टेकलेलं नव्हतं, असं बहुतेक अभ्यासक मानतात. मग एवढं धातूचं धूड तिथे उभं तरी कशासाठी केलं?

आधी ते धूड केवढं, ते पाहू. ग्रंथात मापं हातांत दिलेली आहेत. खांबाची उंची १८ हात, घेर १२ हात, वरच्या कळसाची उंची आणखी ५ हात. हात म्हणजे अंदाजे ४५ सेंटीमीटर धरला, तर नुसता खांब ८ मीटरच्या वर जातो आणि कळसासकट १० मीटर ओलांडतो. व्यास भरतो सुमारे १.७ मीटर. मंदिर स्वतः होतं ६० हात लांब, २० हात रुंद आणि ३० हात उंच, म्हणजे साधारण २७ मीटर बाय ९ मीटर. मंदिराच्या मानाने खांब भलतेच दांडगे. २० हात रुंदीच्या देवडीपुढे जवळजवळ चार-चार हात जाडीचे दोन खांब म्हणजे दर्शनी भागाचा मोठा हिस्सा त्यांनीच व्यापला असणार.

आणि हे सगळं कांस्याचं, ओतीव, आतून पोकळ. पोकळ नळीच्या भिंतीची जाडी चार बोटं, अशी नोंद बायबलमधल्याच यिर्मया संदेष्ट्याच्या ग्रंथात आहे. चार बोटं म्हणजे साडेसात सेंटीमीटरच्या आसपास. हिशेब मांडला तर एका खांबाला, कळस सोडून, सुमारे ३ घनमीटर धातू लागतो. वजन २५ टनांच्या पुढे! लेखकाने आकडे फुगवले असतील असं समजून निम्मे केले, तरी ओताऱ्याच्या अंगावर काटा यावा असं हे काम आहे.

तो ओतारी कोण, हेही ग्रंथ सांगतो. नाव हीराम. आई इस्राएलातल्या नफताली वंशातली विधवा, बाप सोर या फिनिशियन बंदराचा, तोही कांस्यकामातलाच. सोरच्या राजाचं नावही हीरामच होतं, पण हा कारागीर वेगळा. मंदिराचं बांधकाम यरुशलेमच्या टेकडीवर झालं. ओतकाम मात्र खाली यार्देनच्या खोऱ्यात, सुक्कोथ आणि सारतान या गावांच्या मधल्या चिकणमातीच्या जमिनीत झालं, असं ग्रंथ म्हणतो. जागा अचूक निवडलेली आहे. साच्यांना हवी तशी माती तिथे मुबलक, नदीचं पाणी जवळ, काठाला झाडी म्हणून कोळशाची सोय. त्या खोऱ्यात लोहयुगात धातूकाम चालत असल्याच्या खुणा उत्खननात सापडल्या आहेत. एवढा धातू एका दमात ओतणं त्या काळच्या भट्ट्यांच्या आवाक्यातलं नव्हतं, तेव्हा खांब तुकड्यातुकड्यांनी ओतून एकावर एक बसवले असावेत. ते तुकडे पुढे चढवायचे होते समुद्रसपाटीखालच्या खोऱ्यातून साडेसातशे मीटर उंचीवरच्या शहरात. जवळजवळ हजार मीटरचा चढ, तोही डोंगरवाटेने.

धातू आला कुठून? मृत समुद्राच्या दक्षिणेला फेनान आणि तिम्ना इथे तांब्याच्या प्राचीन खाणी आहेत. इ.स.पू. दहाव्या शतकात तिथलं उत्पादन जोरात होतं, हे गेल्या काही दशकांतल्या उत्खननांनी दाखवलंय. पण बायबलमधलाच 'इतिहास' हा ग्रंथ वेगळंच सांगतो. त्याच्या मते शलमोनाचा बाप दावीद याने सोबाच्या राजाची नगरं लुटून आणलेलं कांसं या खांबांत ओतलं गेलं. हे खरं धरलं तर खांब म्हणजे शत्रूच्या लुटीतून उभी केलेली निशाणी. हा तपशील पुढे पुन्हा लागणार आहे.

आता कळस. खाली तुळतुळीत धातूचा दांडा आणि वर गच्च नक्षी: जाळीकाम, साखळ्यांची गुंफण, त्यावर दोन ओळींत डाळिंबं आणि सगळ्यावर उमललेलं फूल. हे फूल लिली की कमळ, यावर अभ्यासकांची दोन मतं आहेत. इजिप्तच्या देवळांतले कमळाच्या घाटाचे खांब पाहिलेले बरेच जण कमळाकडे झुकतात. डाळिंबांची मोजदाद मात्र चोख आहे. एका कळसावर दोन ओळी मिळून २००. यिर्मयाच्या ग्रंथातलं वर्णन आणखी बारकाईने सांगतं: जाळीवर चहूकडून १००, पण बाजूंनी दिसत ९६. उरलेली चार कुठे गेली, यावर भाष्यकारांनी पानंच्या पानं लिहिली आहेत. कोपऱ्यांवर असतील, भिंतीच्या बाजूला वळलेली असतील. कुठेही असोत, १० मीटर उंचीवरची दिसणारी आणि न दिसणारी डाळिंबं कुणीतरी वेगवेगळी मोजून ठेवली आहेत.

डाळिंब तिथे नुसतं शोभेला नव्हतं. दाण्यांनी ठासून भरलेलं हे फळ त्या मुलखात सुबत्तेचं, वंशवृद्धीचं चिन्ह. मुख्य याजकाच्या झग्याच्या घेराला सोन्याच्या घंटांच्या आड एकेक डाळिंब विणलेलं असे. मंदिराच्या आतल्या भिंतींवरही खजुराची झाडं, फुलं आणि करूब नावाचे पंख असलेले दैवी प्राणी कोरलेले होते. आत जाणं म्हणजे एका बागेत जाणं, अशीच ही सगळी योजना दिसते. एदेन बागेच्या कथेत झाडं दोन आणि राखणीला करूब आहेत, हे लक्षात घेऊन काही अभ्यासक या खांबांना धातूची झाडंच म्हणतात. खोडासारखा दांडा, वर फळं, शेंड्याला फूल.

पण छप्पर नाही हे कशावरून? त्या मंदिराचा एक दगडही आज दाखवता येत नाही. जागा आहे यरुशलेममधल्या हरम अल-शरीफच्या आवारात, आणि तिथे उत्खनन होत नाही. म्हणून हाती उरतात दोनच वाटा: ग्रंथ नीट वाचणं आणि शेजारपाजारची मंदिरं पाहणं. ग्रंथात इमारतीचं वर्णन संपतं, मध्ये शलमोनाच्या राजवाड्याचं येतं आणि त्यानंतर खांब येतात. तेही कुठे? दहा हात व्यासाचं कांस्याचं अवाढव्य गंगाळ, चाकांचे गाडे, कुंड, फावडी, कटोरे यांच्या पंगतीत. इमारतीच्या अंगात नाही, सामानसुमानात. आपल्याकडे देवळापुढची दीपमाळ जशी देवळाची असते पण देवळाला टेकू देत नाही, तसंच काहीसं.

शेजारची मंदिरं चित्र थोडं गुंतागुंतीचं करतात. उत्तर सीरियात आफ्रीनजवळ ऐन दारा नावाचं टेकाड आहे. अली अबू अस्साफ यांनी १९८० च्या दशकात तिथे एक मंदिर उकरून काढलं, आणि शलमोनाच्या मंदिराचं वर्णन कुणी दगडात उतरवावं तसा त्याचा आराखडा निघाला. पुढे देवडी, मग सभागृह, शेवटी गाभारा, सगळं एका रेषेत. आणि देवडीत दोन खांबांच्या बैठका. आजच्या तुर्कस्तानातल्या तेल तायिनात इथल्या मंदिरातही असाच घाट सापडला. या दोन्ही ठिकाणी खांब बहुधा छपराला आधार देत होते. उलट, त्या भागात सापडलेल्या मातीच्या छोट्या देवळांमध्ये, तळहातावर मावतील अशा नमुन्यांमध्ये, दाराच्या दोन बाजूंना खांब दिसतात. काही नमुन्यांत तर ते भार वाहण्यासाठी नाहीतच. म्हणजे दारात दोन खांब ही त्या सगळ्या मुलखाची देवाच्या घराची ओळख होती. देवळाची प्रतिमा करायची तर इतर सगळं गाळलं तरी चालेल. ते दोन खांब हवेत.

ऐन दारामध्ये आणखी एक गोष्ट आहे, आणि ती पाहिली की याखीन-बवाजचा आकार एकदम समजतो. मंदिराच्या उंबऱ्यांच्या दगडांत पावलं कोरलेली आहेत. अनवाणी, प्रत्येक सुमारे एक मीटर लांब. पहिल्या उंबऱ्यावर दोन्ही पावलं जोडलेली, कुणीतरी थबकून उभं राहावं तशी. पुढे एकच डावं. त्याच्याही पुढे, आतल्या उंबऱ्यावर, एकच उजवं. देव दारात थांबला, मग डावं टाकलं, उजवं टाकलं आणि आत गेला. बाहेर येणारं पाऊल एकही नाही! २०१८ च्या जानेवारीत तुर्की हवाई हल्ल्यात या मंदिराचं मोठं नुकसान झालं.

यरुशलेमच्या मंदिरात देवाची मूर्ती नव्हती, पाऊलही नव्हतं. पण अंगणात होतं ते सगळं माणसाच्या मापाबाहेरचं. ज्या गंगाळात हात बुडवायला शिडी लागावी ते गंगाळ, माणसाच्या कित्येक पट उंच खांब. अभ्यासक एलिझाबेथ ब्लॉख-स्मिथ यांनी हे सूत्र नेमकं पकडलं: जो देव दाखवायचा नाही, त्याचं मोठेपण त्याच्या सामानावरून कळावं. कॅरल मायर्स यांनी त्याला राजकारणाची बाजू जोडली. सामान्य माणूस या मंदिराच्या आत कधीच जात नसे. त्याचं येणंजाणं अंगणापुरतं, होमवेदीपर्यंत. आत सोनं आहे, करूब आहेत, कराराचा कोश आहे, हे त्याने नुसतं ऐकायचं. त्याच्या डोळ्यांसमोर होतं ते दार आणि दारातले दोन खांब. सकाळचं ऊन पूर्वेकडून थेट त्यांच्यावर. देव इथे राहायला आला आहे आणि त्याला आणणारा राजा आमचा आहे, हे अंगणातल्या माणसाला सांगायचं काम खांबांकडे होतं.

नावं हेच सांगतात. याखीन म्हणजे 'तो स्थिर करील', बवाज म्हणजे 'त्याच्यात बळ आहे' अशा अर्थाचे हिब्रू शब्द. दावीदाचं सिंहासन देव कायमचं स्थिर करील, हे अभिवचन बायबलमध्ये पुन्हा पुन्हा येतं; पहिल्या नावात त्याचाच धागा आहे. ही नावं म्हणजे खांबांवरच्या आशीर्वादाच्या वाक्यांचे पहिले शब्द असावेत, असं आर. बी. वाय. स्कॉट यांनी १९३९ मध्ये सुचवलं. दुसरी बाजू म्हणजे बवाज हे दावीदाच्या पणजोबांचं नाव आणि याखीन हे याजकांच्या एका घराण्याचं. म्हणून एक खांब राजवंशाचा आणि दुसरा याजकांचा, असंही कुणी म्हटलं. खांबाला नाव देणं त्या काळात विचित्र नव्हतं. याच्याही हजारभर वर्षं आधी मेसोपोटेमियात लगश नगराचा राजा गुदेआ याने आपल्या देवळात उभ्या केलेल्या शिळांना लांबलचक नावं दिली होती. बाबेलच्या वेशींना आणि रस्त्यांनाही नावं होती, तीही प्रार्थनेसारखी.

एवढ्यावर तर्क थांबत नाहीत. विल्यम ऑलब्राइट यांना हे खांब म्हणजे प्रचंड धूपदाण्या वाटल्या: कळसाच्या वाटीत पेटवलेली आग, दिवसा धूर आणि रात्री ज्वाळा. इजिप्तमधून निघालेल्या इस्राएलांपुढे दिवसा मेघाचा आणि रात्री अग्नीचा स्तंभ चालत असे, ही कथा त्यांच्या बाजूला आहे. ग्रंथात मात्र खांबांवर आग पेटवल्याचा उल्लेख नाही. आणखी कुणी त्यांना आभाळ तोलणारे विश्वाचे खांब म्हणतं. सोर नगरातच मेल्कार्त देवाचं मंदिर होतं. ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने ते पाहिलं आणि त्यातले दोन खांब नोंदवले: एक शुद्ध सोन्याचा, दुसरा रात्री चमकणाऱ्या पाचूचा. आपला ओतारी याच नगरातल्या बापाचा मुलगा, तेव्हा ही खांबांची जोडी तो घरूनच पाहून आला असेल तर नवल नाही.

यात एक गंमतही आहे. उभी शिळा रोवून तिची पूजा करायला बायबलचा सक्त विरोध आहे. अशा शिळा फोडणारे राजे तिथे शाबासकी मिळवतात. तरी खुद्द मंदिराच्या दारात दोन अवाढव्य खांब उभे आहेत आणि त्यांच्याविरुद्ध कुणी ब्रही काढत नाही. यहूदाच्या दक्षिण सीमेवर अराद इथल्या गढीत १९६० च्या दशकात योहानान अहारोनी यांना एक लहानसं मंदिर सापडलं. गाभाऱ्यात उभी शिळा, पुढे दोन धूपवेद्या आणि सभागृहाच्या दारात दोन सपाट दगड. ते दगड म्हणजे याखीन-बवाजसारख्या खांबांच्या बैठका, असं अहारोनी यांचं मत होतं. आतली शिळा आणि दारातले खांब यांच्यातली सीमारेषा धर्मशास्त्राने पुढे ठळक केली. प्रत्यक्षात ती फार पुसट असावी.

माझ्या मते या खांबांचं मर्म त्यांच्या मोकळेपणात आहे. ज्या खांबावर छपराचं ओझं असतं त्याचं काम ठरलेलं असतं. ज्याच्यावर नसतं त्याच्यावर अर्थाचं ओझं चढतं, आणि त्याला मर्यादा नसते. झाड, दार, देवाचं मोठेपण, राजाचं अभिवचन हे सगळं एकाच वेळी त्या कांस्यात मावलं. त्यातलं अभिवचन मात्र रोजच्या व्यवहारात वापरलं जात होतं. योवाश खांबापाशी उभा राहिला. दोनशेहून अधिक वर्षांनी योशीया राजाने मंदिरात सापडलेलं नियमशास्त्र लोकांना वाचून दाखवलं, तेव्हा तोही खांबापाशीच उभा राहिला आणि तिथूनच त्याने देवाशी करार केला. मधल्या काळात खजिन्यात खडखडाट झाल्यावर राजांनी मंदिराच्या वस्तूंना हात घातला होता. आहाजाने गंगाळाखालचे कांस्याचे बैल काढले. हिज्कीयाने दारांवरचं सोनं खरवडून अश्शूरच्या राजाला दिलं. खांबांना कुणी हात लावल्याची नोंद नाही. ज्याच्याशेजारी उभं राहून राजा राजा होतो, तेच कोण वितळवील?

जिंकून आलेल्याला ती अडचण नव्हती. इ.स.पू. ५८६ च्या सुमारास बाबेलच्या नबुखद्नेस्सरच्या सैन्याने यरुशलेम पाडलं, मंदिर जाळलं, दोन्ही खांब फोडले आणि कांसं बाबेलला नेलं. लुटीतून आलं होतं ते लुटीत गेलं. त्या कांस्याचं वजन करणं अशक्य होतं, एवढंच यिर्मयाचा ग्रंथ म्हणतो. मग तिथेच, राखेच्या वर्णनाच्या मधोमध, तो थांबून पुन्हा सगळी मापं देतो: १८ हात, १२ हात, चार बोटं, पोकळ, ९६ डाळिंबं आणि १००. जाडी आणि पोकळपणा बांधणीच्या हिब्रू वर्णनात नाही. जुन्या ग्रीक भाषांतरात हा तपशील तिथेही येतो, पण हिब्रू वाचकाला खांबाचा आतला भाग पहिल्यांदा दिसतो तो खांब फुटल्यावर.

सत्तर-एक वर्षांनी बाबेलच्या बंदिवासातून परतलेल्या लोकांनी मंदिर पुन्हा बांधलं. याजक होते, वेदी होती, सोन्याचांदीची भांडीही परत आली होती. त्या दुसऱ्या मंदिराच्या वर्णनांत याखीन आणि बवाज मात्र कुठेच नाहीत. खांब कशासाठी होते, याचं सगळ्यांत सरळ उत्तर मला इथे मिळतं. परतलेल्या लोकांवर आता इराणच्या सम्राटाची सत्ता होती. दावीदाच्या गादीवर कुणी बसलेलं नव्हतं. देवाला घर लागत होतं, ते बांधलं. राजाला उभं राहायची जागा लागत नव्हती, ती बांधली नाही.

नावं मात्र टिकली, आणि मोकळ्या खांबाला साजेल अशीच भटकली. जर्मनीतल्या व्यूर्ट्सबुर्गच्या कॅथीड्रलमध्ये ही नावं कोरलेले दोन मध्ययुगीन खांब आहेत. फ्रीमेसन मंडळींच्या सभागृहांत दोन खांब असतातच. १९०९ च्या प्रसिद्ध टॅरो पत्त्यांत एक स्त्री बसली आहे ती या दोघांच्या मध्येच. डाळिंबांनी जास्त जवळचा रस्ता धरला. यहुदी प्रार्थनागृहांत तोराह या धर्मग्रंथाच्या गुंडाळीच्या दांड्यांवर चांदीचे शेंडे बसवतात. त्यांना रिम्मोनीम म्हणतात, म्हणजे डाळिंबंच. दोन दांडे, दोन शेंडे. कांस्याचे खांब न्यायला बाबेलचं अख्खं सैन्य लागलं होतं. ही जोडी माणूस काखेत घेऊन समुद्र ओलांडू शकतो. आणि तसा तो ओलांडत आलाही, बगदादपासून कोचीपर्यंत, आणि मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएलांच्या मुंबईपर्यंत.